पीएच.डी.साठी नोकरी सोडावी का? सोडा, पण सात महिने थांबून

प्रश्न : वय २९. अर्थशास्त्रात एम.ए. केलं आहे. पुण्यात खासगी कंपनीत चार वर्षं पाच महिने झाले. हातात ५६,००० रुपये येतात, मूळ पगार २८,०००. पाच महिन्यांपूर्वी यूजीसीचं (विद्यापीठ अनुदान आयोग) जेआरएफचं, म्हणजे कनिष्ठ संशोधन फेलोशिपचं, पत्र मिळालं. खोलीचं भाडं ११,०००, माझा खर्च १३,०००, सांगलीला आईबाबांना ८,०००, शैक्षणिक कर्जाचा हप्ता ७,२०० (बाकी १ लाख ६० हजार, व्याज साडेदहा टक्के), एसआयपी (म्युच्युअल फंडातली दरमहाची गुंतवणूक) ८,०००. एफडी साडेतीन लाख, म्युच्युअल फंडात २ लाख ९० हजार, पीएफ वेगळा. नोकरी सोडून पूर्णवेळ पीएच.डी. करू, की नोकरी सांभाळून अर्धवेळ? घरचे म्हणतात, आधी फ्लॅट बुक कर.

उत्तर : फ्लॅटचा विषय आधी मिटवू. बुकिंगला एफडी गेली की पीएच.डी.चा विचारच संपला, आणि फेलोशिपवर असताना बहुतेक बँका गृहकर्जाला उभं करत नाहीत. पाच वर्षं हा विषय बंद.

आता मुख्य हिशेब. जेआरएफची फेलोशिप पहिली दोन वर्षं दरमहा ३७,००० आणि एसआरएफ (वरिष्ठ संशोधन फेलोशिप) झाल्यावर पुढची तीन वर्षं ४२,००० रुपये. पाच वर्षांची बेरीज बरोबर २४ लाख. आत्ताच्या नोकरीत वर्षाला आठ टक्के वाढ धरली तर याच काळात हातात साधारण ३९ लाख ४० हजार येतील. म्हणजे पीएच.डी.ची किंमत सुमारे साडेपंधरा लाख, शिवाय कंपनी भरते तो पीएफ. हा आकडा बघून घाबरू नका, पण तो नाहीच असंही समजू नका.

ही रक्कम भरून निघते का, ते पाच वर्षांनी काय हाती लागतं त्यावर ठरेल. सहायक प्राध्यापकाचं सुरुवातीचं मूळ वेतन ५७,७०० आहे. भत्ते धरले तर एकूण पगार ९० हजारांच्या पुढे जातो. तुमची नोकरी तोवर ८२ हजारांच्या आसपास पोचलेली असेल. नियमित पद मिळालं तर गणित जुळतं. तासिका तत्त्वावर (सीएचबी) राहावं लागलं तर जुळत नाही, कारण तिथे शिकवलेल्या तासांचेच पैसे मिळतात, सुट्टीचे मिळत नाहीत, आणि बिलं महिनोन्‌महिने अडकतात. राज्यातल्या अनुदानित महाविद्यालयांची भरती कशी रखडते हे तुम्ही नेटचा (प्राध्यापकपदासाठीची राष्ट्रीय पात्रता परीक्षा) अभ्यास करताना ऐकलंच असेल. सहायक प्राध्यापक होण्यासाठी नेट किंवा सेट (तशीच राज्याची परीक्षा) पुरते, पीएच.डी.ची सक्ती यूजीसीने २०२३ मध्ये काढली. म्हणजे अर्ज करायला तुम्ही आजही पात्र आहात. तरी स्पर्धेत पीएच.डी. जड पडते आणि सहयोगी प्राध्यापक व्हायचं तर ती लागतेच.

अर्धवेळचा पर्याय सुरक्षित दिसतो, पण तुमच्या बाबतीत महाग आहे. जेआरएफ पूर्णवेळ संशोधकालाच मिळते. अर्धवेळ नोंदणी केलीत की हे २४ लाख गेले. वर कंपनीचं ना हरकत पत्र लागतं आणि कोर्सवर्कच्या तासांना सुट्ट्या काढाव्या लागतात. जेआरएफ नसती तर अर्धवेळच सुचवलं असतं.

म्हणून माझं मत : राजीनामा द्या, पण सात महिन्यांनी.

सात महिनेच का? पाच वर्षांची सलग सेवा पूर्ण झाली की ग्रॅच्युइटीचा (नोकरी सोडताना कंपनी देते ती रक्कम) हक्क नक्की होतो : २८,००० गुणिले १५ भागिले २६ गुणिले ५, म्हणजे ८०,७६९ रुपये. चार वर्षं २४० दिवसांवरही हक्क बसतो असे न्यायालयीन निकाल आहेत, पण कंपनीशी वाद घालत बसण्यापेक्षा पूर्ण पाच वर्षं भरलेली बरी. पाच वर्षांआधी पीएफ काढला तर त्यावर करही लागतो. तसाही पीएफ काढू नका. नोकरी सुटल्यावरही त्यावर व्याज मिळत राहतं, फक्त त्या पुढच्या व्याजावर कर लागतो. जेआरएफच्या पत्राची मुदत तीन वर्षं असते. तुमच्याकडे अजून दोन वर्षं सात महिने आहेत, घाई कशालाही नाही.

हे सात महिने मार्गदर्शक शोधण्यात घालवा. खरी अडचण तिथे येते. नियमानुसार एका वेळी प्राध्यापकाकडे आठ, सहयोगी प्राध्यापकाकडे सहा आणि सहायक प्राध्यापकाकडे चारच संशोधक असू शकतात. जेआरएफ असून जागा रिकामी नाही म्हणून वर्ष वाया गेलेली मुलं प्रत्येक विद्यापीठात भेटतील. प्रवेशाचं पत्र हातात येईपर्यंत राजीनामा टाइपसुद्धा करू नका, आणि नोटीस पीरियड किती आहे ते नेमणूकपत्रात बघून ठेवा.

पैशांचं असं करा. एफडीतून १ लाख ६० हजारांचं कर्ज आजच फेडा. व्याजदर बदलता असेल तर मुदतीआधी फेडल्याचा दंड बँक घेऊ शकत नाही. एफडीत १ लाख ९० हजार उरतील. एसआयपी सात महिने थांबवा. तिचे ८,००० आणि हप्त्याचे ७,२०० एफडीत टाकत चला. तुमच्या आकड्यांत दरमहा ८,८०० रुपयांचा हिशेब लागत नाही. ते कुठे जातात ते शोधा आणि निम्मे तरी वाचवा. सात महिन्यांत १ लाख ३७ हजार जमतील. ग्रॅच्युइटी मिळवली की हाताशी सुमारे ४ लाख ८ हजार होतात.

कर्ज गेल्यावर महिन्याचा खर्च ३२,०००. आरोग्य विम्याचे ३,००० धरले तर ३५,०००. म्हणजे साडेअकरा महिन्यांची सोय झाली. ती नक्की लागेल, कारण फेलोशिप पहिल्या महिन्यापासून खात्यात येत नाही. रुजू झाल्याचा अहवाल, आधार जोडलेलं खातं, मग विद्यापीठाने कॅनरा बँकेच्या पोर्टलवर मेकर (माहिती भरणारा) आणि चेकर (ती तपासणारा) अशा दोन टप्प्यांत दिलेली मंजुरी, हे सगळं व्हावं लागतं. एखादा कारकून बदलून गेला तरी फाइल थांबते. पहिला पैसा यायला चार-सहा महिने लागले तर नवल नाही. थकबाकी एकदम येते, आणि नेमका तेव्हाच लॅपटॉप घेण्याचा मोह होतो. ती रक्कम एफडीतली खिंडारं बुजवायला ठेवा. दोन वर्षांनी एसआरएफसाठी समितीसमोर सादरीकरण असतं. दोन महिने आधीपासून तारीख मागत राहा, नाहीतर फेलोशिप पुन्हा अडकते.

वसतिगृह मिळालं नाही तर घरभाडे भत्ता असतो. पुण्यासारख्या शहरात तो दहा हजारांच्या आसपास. त्यावर महिना उभा करू नका. तो सुरू झाला की ५,००० ची एसआयपी पुन्हा चालू करा.

राजीनाम्याआधी उरकायची दोन कामं. आईबाबा तुमच्यावर अवलंबून आहेत, तेव्हा टर्म विमा पगाराची स्लिप हातात असतानाच घ्या. नंतर विमा कंपनी उत्पन्नाचा पुरावा मागते आणि फेलोशिपवर मोठं कवच देत नाही. दुसरं, कंपनीचा आरोग्य विमा शेवटच्या दिवशी संपतो. त्याच विमा कंपनीच्या वैयक्तिक पॉलिसीत जाता येतं का ते एचआरला विचारा. तसं झालं तर आईबाबांच्या जुन्या आजारांची सरलेली प्रतीक्षा मुदत (ज्या काळात त्या आजारांचा दावा मिळत नाही) धरली जाते, नाहीतर ती नव्याने, तीन वर्षांपर्यंत, सुरू होते. आईबाबांचा हप्ता मी धरलेल्या तीन हजारांत बसणार नाही असं दिसलं तर तो आकडा मला कळवा. अख्खं अंदाजपत्रक तिथे हलू शकतं.

कराचा प्रश्न सोपा आहे. शिक्षणासाठीची शिष्यवृत्ती करमुक्त असते, आणि जेआरएफला सहसा तसंच धरतात. एफडीचं व्याज मात्र विवरणपत्रात दाखवायचं.

आता लोक विसरतात ती गोष्ट. पीएच.डी.ला सहा वर्षांपर्यंत मुदत आहे, वाढवून आठ, स्त्रियांना त्याहून दोन जास्त. फेलोशिप मात्र पाच वर्षांनी बंद होते, तुमचं चौथं प्रकरण अर्धं असलं तरी. त्यामुळे विषय निवडताना खर्चाचाही विचार करा. मानव्यविद्या आणि सामाजिक शास्त्रांना आकस्मिक खर्चासाठी पहिली दोन वर्षं १०,००० आणि नंतर २०,५०० रुपये मिळतात, तेही वर्षाला. त्यात चार जिल्ह्यांतल्या चारशे कुटुंबांची पाहणी होत नाही. केंद्र सरकारच्या श्रमशक्ती सर्वेक्षणाची कुटुंबनिहाय आकडेवारी फुकट मिळते. अर्थशास्त्रवाल्यांनी ती आधी बघावी. पैसे घेऊन आठवड्यात लेख छापणाऱ्या नियतकालिकांना एक रुपया देऊ नका. प्रबंधाआधी लेख छापण्याची सक्ती यूजीसीने २०२२ च्या नियमांत काढली आहे; तुमच्या विद्यापीठाची स्वतःची अट असेल तर ती पहिल्याच वर्षी वाचा.

म्युच्युअल फंडातले २ लाख ९० हजार पाचव्या वर्षानंतरच्या रिकाम्या काळासाठी आहेत. दहा टक्के वाढ धरली तर साडेचार लाखांच्या पुढे जातील, बाजाराने साथ दिली नाही तर कमी. चौथं वर्ष संपलं की ते एफडीत हलवा. आणि नोकरीच्या मुलाखतीनंतर कुणी संस्थेसाठी ‘देणगी’चा आकडा सांगितला तर हे पैसे तिकडे वळवायचे नाहीत, कर्ज तर मुळीच काढायचं नाही. ती लाच आहे, आणि पद मंजूर झालं नाही तर परत मागायला कागद नसतो.

पीएच.डी. जमा केल्यावर अठरा महिने नियमित पदांसाठी अर्ज करा, महाराष्ट्राबाहेरच्या केंद्रीय आणि खासगी विद्यापीठांतही. तोवर काही झालं नाही तर संशोधन संस्था, धोरण सल्लागार कंपन्या, बँकांचे संशोधन विभाग यांच्याकडे वळा. आत्ताच्या कामातली डेटा हाताळण्याची सवय म्हणूनच या पाच वर्षांत गंजू देऊ नका.