आदेश हातात, पेन्शन अधांतरी

प्रश्न : अनुदानित शाळेतून निवृत्त झालेला शिक्षक आहे. पेन्शनसाठी औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका केली होती. गेल्या वर्षी १८ जुलैला निकाल माझ्या बाजूने लागला, १२ आठवड्यांची मुदत दिली. आता ऑगस्ट उजाडला. पाच निवेदने दिली. दर वेळी ‘फाईल वर गेलीय’ एवढंच उत्तर. मधल्या काळात साहेबही बदलले. अवमान याचिका केली तर डूख धरतील का?
– एक वाचक, परभणी जिल्हा

उत्तर : गुरुजी, डूख धरण्याचं नंतर बघू, आधी कॅलेंडर काढा. तुमचे १२ आठवडे १० ऑक्टोबरला संपले. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून, म्हणजे आदेश न पाळता मुदत संपल्यापासून, वर्षाच्या आत न्यायालयात यावं लागतं. म्हणजे येत्या १० ऑक्टोबरच्या आत याचिका दाखल झाली पाहिजे. निवेदनं देत राहिल्याने ही मुदत वाढते, असं पुष्कळांना वाटतं. वाढत नाही. ‘थोडं थांबा, होऊन जाईल’ ऐकत वर्ष घालवलेले कितीतरी पक्षकार माझ्या ऑफिसात येऊन बसलेत.

दुसरं, निकालाचा शेवटचा परिच्छेद चष्मा लावून वाचा. ‘पेन्शन अदा करावी’ असं आहे, की ‘निवेदनावर निर्णय घ्यावा’ असं? सगळी मेख तिथे आहे. दुसरं वाक्य असेल, तर उद्या कार्यालय ‘विनंती अमान्य’ असं एक पत्र देऊन मोकळं होईल आणि आदेशाचं पालन झालं असंच धरलं जाईल. त्या नकाराला मग नव्या रिटने आव्हान द्यावं लागतं. अवमानाच्या कामात न्यायालय मूळ आदेशाच्या पुढे जात नाही.

साहेब बदलल्याची काळजी नको. निकालाची प्रमाणित प्रत नव्या साहेबांच्या नावाने आवक शाखेत द्या, शिक्का आणि तारीख घ्या. अवमान याचिकेत अधिकारी नावानिशी प्रतिवादी असतो, म्हणून तर नोटीस निघाली की वर्षभर ‘वर गेलेली’ फाईल चार दिवसांत खाली येते. शिक्षा म्हणाल तर सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. बहुतेकदा माफी आणि पालन यावरच मिटतं. पण नेहमीच नाही : २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आपल्याच राज्याचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव यांना आरागिरण्यांच्या प्रकरणात एकेक महिना तुरुंगात पाठवलं होतं.

‘आम्ही अपील केलंय’ असं सांगतील. स्थगितीचा आदेश दाखवा म्हणावं. नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही.

आणि डूख? पेन्शन हा तुमचा हक्क आहे, साहेबांची मेहेरबानी नव्हे. ती पाच निवेदनं मात्र जपून ठेवा. त्यांनी मुदत वाढली नाही, तरी आदेश माहीत असून पाळला नाही, हे त्यांच्यावरच्या शिक्क्यांवरूनच दाखवता येईल.