नावाच्या मधली जागा

प्रिय मनू,

परवा पोहण्याच्या शिबिराचा फॉर्म भरताना तू विचारलंस, "आई, माझ्या नावाच्या मध्ये बाबांचं नाव का? मी मुलगी आहे ना? आणि तुझं नाव कुठेच का नाही?" मी म्हटलं, "आपल्यात तशी पद्धत आहे." तू लगेच म्हणालीस, "कोणी ठरवली?" तेव्हा मला उत्तर सुचलं नाही. दोन दिवस तोच प्रश्न मनात घोळतोय, म्हणून हे पत्र. लांबेल थोडं. जे कळणार नाही ते ये आणि विचार.

तुझ्या परदेशी मैत्रिणींचं मधलं नाव हे त्यांचं स्वतःचंच दुसरं नाव असतं, आवडलं म्हणून ठेवलेलं. आपल्याकडे त्या जागी एका प्रश्नाचं उत्तर असतं. "कोणाची गं तू?" गावात गेल्यावर तुला म्हाताऱ्या बायका हेच विचारतात, आठवतं?

फार पूर्वी गावात एका नावाची चार माणसं असायची आणि आडनाव लावायची सगळ्यांना गरज नव्हती. पण जमीन कोणाची, वतन कोणाचं, हे दप्तरात लिहावंच लागायचं. आणि जमीन-वतन जायचं बापाकडून मुलाकडे. म्हणून जुन्या मोडी कागदांत माणसाच्या नावापुढे 'बिन' लिहून बापाचं नाव येतं. 'बिन' म्हणजे 'चा मुलगा'. कुठे 'वल्लद' असतं, अर्थ तोच. बाईच्या नावापुढे 'कोम' आणि मग नवऱ्याचं नाव. कोम म्हणजे 'ची बायको'. बिन आणि वल्लद हे शब्द मुळातले अरबी. बहामनी, निजामशाही, आदिलशाहीच्या काळात सरकारी कामकाजात फारसीचा वापर होता, तिच्यातून ते मराठीत आले. शिवाजी महाराजांनी कारभारातल्या फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राज्यव्यवहारकोश करवून घेतला, तरी गावच्या दप्तरातून हे शब्द हलले नाहीत. आणि महाराजांची स्वतःची मुद्रा संस्कृतात आहे, तिच्यावर काय आहे? 'शाहसूनोः शिवस्यैषा'. शहाजीचा मुलगा जो शिवाजी, त्याची ही मुद्रा. भाषा बदलली, प्रश्न तोच राहिला.

म्हणजे कोणी ठरवली याचं माझं उत्तर असं की कोणी एकाने एका दिवशी ठरवली नाही. जमिनीच्या हिशोबातून ती पद्धत बनत गेली. पुढे शाळेचा दाखला, रेशनकार्ड, पासपोर्ट, सगळ्यांनी तोच रकाना पुढे चालवला. ज्यांच्याकडे वीतभर जमीन नव्हती त्यांनाही तो भरावा लागला.

पण 'कोणाचा' या प्रश्नाला लोकांनी वेगळी उत्तरंही दिली आहेत, आणि ती मला फार आवडतात. एकनाथ महाराज आपल्या अभंगाच्या शेवटी 'एका जनार्दनी' लिहितात. एका म्हणजे ते स्वतः, जनार्दन त्यांचे गुरू. वडिलांच्या जागी त्यांनी गुरूचं नाव आपल्या नावाला जोडलं, स्वतः निवडून. जनाबाई 'नामयाची दासी जनी' म्हणते. तिला ना जमीन, ना वतन. चोखामेळ्याची बायको सोयराबाई आपल्या अभंगात 'चोखियाची महारी' म्हणते. नवरा आणि जात, दोन्ही एका सहीत. गावाने तिच्यावर लादलेली ओळख ती देवासमोर तशीच ठेवते, आणि त्याच अभंगांतून देवाला जाब विचारते. तू मोठी झालीस की आपण दोघी ते वाचू.

आता माझ्या आवडीची जागा. नाशिकजवळच्या डोंगरात पांडवलेणी आहेत. तिथल्या तिसऱ्या लेण्यात सातवाहनांच्या काळचा, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला, ब्राह्मी लिपीतला एक लेख भिंतीवर कोरलेला आहे. तो लिहवून घेतला एका बाईने, गौतमी बलश्रीने. तिने ते लेणं भिक्खूंना दान दिलं आणि आपल्या मुलाचा पराक्रम दगडात कोरून ठेवला. त्या मुलाचं नाव गौतमीपुत्र सातकर्णी. गौतमीचा मुलगा. त्याच्या मुलाचं नाव वासिष्ठीपुत्र पुळुमावी. राजाच्या नावाआधी आई! पुढच्या सुट्टीत तुला तिथे नेणार आहे. अक्षरं वाचता येणार नाहीत, पण ती किती जवळून बघता येतात ते बघ.

फक्त एक घाई करू नकोस. हा लेख दाखवून बरेच जण म्हणतात, "बघा, तेव्हा बायकांचं राज्य होतं." तसं नव्हतं. गादी बापाकडून मुलाकडेच जायची. राजाला अनेक राण्या असायच्या, तेव्हा हा मुलगा कोणत्या राणीचा, हे आईच्या नावाने कळायचं. आणि गौतमी, वासिष्ठी ही गोत्रांवरून आलेली नावं आहेत, म्हणजे तिच्या माहेरच्या, वडिलांच्या कुळाची. आईच्या नावामागेही शेवटी एक बाप उभा आहेच. मला हे कळलं तेव्हा वाईट वाटलं होतं. आता वाटतं, खरं आहे ते माहीत असलेलं बरं. इतिहासात आपल्याला हवं तेवढंच शोधलं, तर आपण त्याच्याशी खोटं वागतो.

माझ्या नावाचं सांगते. लग्नात लक्ष्मीपूजनाच्या वेळी पितळी ताटात तांदूळ पसरतात आणि नवरा अंगठीने त्यात बायकोचं नवं नाव लिहितो. बाबांनी लिहायच्या आधी मला विचारलं होतं, "पहिलं नाव तेच ठेवू ना?" मी हो म्हटलं. पण मधलं नाव आणि आडनाव बदलणार की नाही, हे दोघांनाही विचारावंसं वाटलं नाही. ते गृहीतच होतं. नंतर दहावीच्या प्रमाणपत्रावर एक नाव, पासपोर्टवर दुसरं, आणि ती दोन्ही एकाच बाईची आहेत हे सिद्ध करायला प्रतिज्ञापत्रं. एका कार्यालयातल्या बाईंनी मला विचारलं, "मग खरं नाव कोणतं?" त्या प्रश्नाने मला रडू आलं होतं.

आजीच्या वेळी तर पहिलं नावही बदलायचे. आणि आजीच्या नावाच्या मध्ये आजोबांचं नाव, पण ते तोंडाने उच्चारायचं नाही. "अहो" म्हणायचं. चारचौघांत नाव घ्यायचंच झालं तर उखाण्यात गुंफून. तुला उखाणे मजेचे वाटतात, मलाही वाटतात. पण ते या बंदीतून वाट काढायला निघाले असावेत असं मला वाटतं.

स्वतःच्या नावाने बोलायची चोरी काय असते, ते रखमाबाईंच्या गोष्टीत दिसतं. त्यांचं लग्न अकराव्या वर्षी झालं. मोठ्या झाल्यावर त्यांनी नवऱ्याकडे जायला नकार दिला आणि 1884 मध्ये मुंबईत खटला उभा राहिला. त्या काळात त्यांनी वर्तमानपत्रात पत्रं लिहिली, पण सही केली 'एक हिंदू स्त्री'. 1887 मध्ये न्यायालयाने सांगितलं, नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. त्या म्हणाल्या, तुरुंग चालेल. पुढच्या वर्षी पैसे देऊन तडजोड झाली. मग त्या लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या आणि आपल्याच नावाने पुढे अनेक वर्षं काम केलं. तू आत्ता अकरा वर्षांची आहेस. त्यांच्याबद्दल वाचताना मी दर वेळी तुझ्याकडे बघते.

कायदा हळूहळू सरकला. हिंदूंच्या पालकत्वाच्या 1956 च्या कायद्यात मुलाचा पालक म्हणून आधी वडील, 'त्यांच्यानंतर' आई, असं लिहिलं होतं. लेखिका गीता हरिहरन यांना मुलाच्या नावावर रोखे घ्यायचे होते, तर वडिलांची सही मागितली गेली. त्या सर्वोच्च न्यायालयात गेल्या आणि 1999 मध्ये निकाल आला की वडील हयात असतानाही आई पालक असू शकते. त्याआधी, 1994 मध्ये, महाराष्ट्राने वडिलोपार्जित मालमत्तेत मुलींना जन्मतः हक्क दिला होता, जरी आधीच लग्न झालेल्या मुली त्यातून वगळल्या. देशभर तो हक्क 2005 मध्ये आला. आणि मार्च 2024 मध्ये महाराष्ट्र सरकारने ठरवलं की 1 मे 2024 पासून जन्मणाऱ्या मुलांच्या सरकारी कागदांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. जमिनीमुळे आलेला रकाना, आणि जमिनीत मुलींचा वाटा आल्यानंतर त्या रकान्यात आई आली. मला हे दोन्ही जोडलेले दिसतात.

तू त्याआधी जन्मलीस, म्हणून तुझ्या कागदांवर ते आपोआप येणार नाही. मला माझं नाव तुझ्या नावात हवं आहे का? हो, हवं आहे. पण बाबांचं काढून नको. आणि ठरवायचं तू, तांदळाच्या ताटासारखं न विचारता कोणी लिहून टाकायचं नाही. यंदाच्या शिबिराच्या फॉर्मवर मधला रकाना मी रिकामा ठेवलाय. तो भरणं सक्तीचं नाही, मी विचारून घेतलं.

रविवारी आजीला फोन करशील तेव्हा तिला एक गोष्ट विचार. तिचं माहेरचं नाव मला माझ्या विसाव्या वर्षी कळलं, तेही एका जुन्या पाटीच्या मागे कोरलेलं होतं म्हणून. ते नाव मी तुला सांगत नाही, तिच्याच तोंडून ऐक. ताटात नवं नाव लिहिलं गेलं तेव्हा तिला आधी माहीत होतं का, तेही विचार. ती लगेच नाही सांगणार. थोडं थांब, मध्ये बोलू नकोस.

तुझी,
आई