ब्रिटिश चित्रकार ब्रिजेट रायली यांची चित्रं स्थिर असूनही हलताना का दिसतात?

मुख्य म्हणजे आपला डोळाच हलत असतो. एकटक बघतोय असं वाटलं तरी नजर बारीक थरथरतच असते. एरवी जाणवत नाही, दाट काळ्या-पांढऱ्या रेघांवर मात्र ती चोरी उघडी पडते.

१९६१चं 'मूव्हमेंट इन स्क्वेअर्स' बघा. चौकोनांची उंची तीच, फक्त रुंदी कमी कमी होत जाते, आणि सपाट पृष्ठभाग घडी पडल्यासारखा आत वळतो. इथे फसतो मेंदू: अरुंद होणं म्हणजे दूर जाणं किंवा वळणं, ही त्याची जुनी सवय. रायलीबाई हे प्रकाशशास्त्र शिकून नाही, तर चित्रं काढूनच शिकल्या. १९५९ मध्ये त्यांनी, ठिपक्या-ठिपक्यांनी चित्रं रंगवणारा फ्रेंच चित्रकार स्यूरा याच्या एका चित्राची शिकण्यासाठी नक्कल केली होती. मोबाइलवर मजा अर्धीच, मोठ्या स्क्रीनवर बघा.