वाडा: आधी मेंढ्यांचा, मग पेशव्यांचा

इंग्लंडमधली उमरावी घरं, तिथून हिंदुस्थानात नोकरीला आलेले पूर्वज, तीन-चार पिढ्यांचा कुटुंबेतिहास अशा विषयांवरची पुस्तकं मराठी अनुवादात वाचणाऱ्या एका बाईंनी विचारलं आहे: "एका पुस्तकात अशा मोठ्या घराला हवेली म्हटलंय, दुसऱ्यात वाडा, तिसऱ्यात बंगला. एका पुस्तकात तर तेच घर पहिल्या प्रकरणात हवेली आणि सातव्यात वाडा आहे. बरोबर काय? आणि वाडा हा शब्द मुळात कुठला?"

मोठं घर, श्रीमंताचं घर हे अर्थ कुठल्याही कोशात मिळतील, ते सोडून देतो. आधी हवेलीचा निकाल लावू, कारण या शब्दानं गेली काही वर्षं माझं डोकं उठवलं आहे. भुताटकीची मालिका असो की अनुवादित कादंबरी, दोन मजले आणि करकरणारा दरवाजा दिसला की मराठी लेखणीतून 'हवेली' उतरते. ही हिंदी पडद्यावरून आलेली सवय आहे. मराठीत हवेली शब्द आहे, पण रोजच्या बोलण्यात तो घराचा नाही. पुण्याला वेढून असलेल्या तालुक्याचं नाव हवेली. ते कुणाच्या घरावरून पडलेलं नाही. अरबीत 'हवाली' म्हणजे आजूबाजूचा प्रदेश. मोगली महसुलात मुख्य ठाण्याच्या भोवतालचा मुलूख तो हवेली. अबुल फजलच्या आईन-ए-अकबरीत असे हवेली महाल, म्हणजे महसुली विभाग, सुभ्यासुभ्यात सापडतात. उत्तरेत त्याच शब्दाला घराचा अर्थ आला आणि तिथे तो शोभतोही. राजस्थानात एका वाटाड्यानं मला छातीठोकपणे सांगितलं, "जिथे हवा खेळते ती हवेली." साफ खोटं. हवेचा आणि हवेलीचा काडीचा संबंध नाही. हे वाक्य नंतर मी दोन मराठी लेखांत छापलेलं वाचलं, तेव्हा फार वाईट वाटलं.

आता वाडा. खरं तर मला त्याबद्दलच लिहायचं आहे.

दिवाळीनंतर देशावरच्या गावांत धनगरांचे कळप उतरतात. शेतकरी त्यांना रानात मेंढ्या बसवायला बोलावतो, कारण चार-दोन रात्रींत रान खताळून निघतं. शिरूरकडच्या एका रानात मी हे संध्याकाळभर पाहिलं आहे. घोड्यांच्या पाठीवरून बिऱ्हाड उतरलं: तवा, घोंगड्या, कोंबड्यांचं खुराडं, एक तान्हं मूल. मग एका म्हातारबाबांनी खुंट ठोकले आणि त्यांना जाळं बांधत गोल फिरवलं. त्या जाळ्याला ते वाघूर म्हणतात. संस्कृतात 'वागुरा' म्हणजे पारध्याचं जाळं. तो शब्द पुस्तकात निजलाय असं मी समजत होतो, आणि इथे तो रोज संध्याकाळी खुंटाला बांधला जात होता. अंधार पडायच्या आत मेंढ्या वाघुरीत गेल्या. मी विचारलं, "बाबा, उद्या कुठं?" ते म्हणाले, "उद्या वाडा हलंल." वाडा म्हणजे ते जाळं, त्यातली मेंढरं, बाहेरची तीन चुलीची बिऱ्हाडं, सगळं मिळून. घर कुठेच नव्हतं. छप्परसुद्धा नव्हतं.

हा वाड्याचा मूळ अर्थ. संस्कृतात 'वाट' किंवा 'वाटक' म्हणजे कुंपण घातलेली जागा. (रस्ता या अर्थाची आपली 'वाट' वेगळी, ती 'वर्त्मन्'वरून आली.) त्याचं प्राकृतात वाड झालं आणि मराठीत वाडा. बागेला कुंपण घातलं की ती वाटिका, म्हणजे वाडी. कोकणात नारळी-पोफळीची वाडी आजही तशीच आहे. गुजरातीत 'वाड' म्हणजे नुसतं कुंपण. बहुतेक व्युत्पत्तिकार हा सगळा गोतावळा 'वृ' म्हणजे घेरणं, झाकणं या धातूपाशी नेतात. तो मान्य केला तर आणखी एक आप्त हाती लागतो: 'वृति' म्हणजे कुंपण, प्राकृतात वइ, आणि कोकणातली काट्याकुट्यांची 'वई'. परसातली वई आणि साताऱ्याचा राजवाडा हे एकाच गोत्रातले.

मग मेंढ्यांपासून पेशव्यांपर्यंत वाडा कसा आला? मधली पायरी गावात आहे. कुंभारवाडा, भोईवाडा, गौळवाडा यांत कुणाचंही एक मोठं घर नाही. एका व्यवसायाच्या लोकांनी वेढलेला गावाचा तुकडा आहे. गोव्यात तर हाच अर्थ नांदता आहे. तिथल्या माणसाला त्याचा वाडो विचारा, तो गावातला भाग सांगेल. तिथल्या जुन्या घराण्यांच्या भल्यामोठ्या घराला लोक 'व्हडलें घर' म्हणतात, म्हणजे नुसतं मोठं घर. या दोन शब्दांचा उपयोग शेवटी होणार आहे, लक्षात ठेवा.

वतनदारानं घराभोवती भिंत घातली, आत चौक, सोपे, पागा, कोठारं आणि आश्रितांची बिऱ्हाडं आली, आणि त्या सगळ्या आवाराला वाडा म्हणू लागले. वाडा म्हणजे आवार, इमारत नव्हे. सर्वांत मोठा पुरावा पुण्यात उभा आहे. शनिवारवाड्याचा पाया १० जानेवारी १७३० रोजी घातला गेला. १८२८ च्या आगीत आतले महाल जळून गेले. आज तिथे काय आहे? तट, बुरूज, दरवाजे आणि आत जोत्यांचे दगड. राहायची एकही खोली उरलेली नाही, तरी कुणी त्याला 'शनिवारवाड्याचे अवशेष' म्हणत नाही, सगळे शनिवारवाडाच म्हणतात. आणि बरोबर म्हणतात, कारण शब्दाच्या मूळ अर्थानं जो वाडा, तो जसाच्या तसा उभा आहे. जळलं ते आतलं घर. ही गोष्ट मला सुचली तेव्हा मी दिल्ली दरवाजासमोर उभा होतो, आणि त्या दिवशी मला दुसरं काही करता आलं नाही.

इथे कानडी मुळाचा आग्रह धरणारी मंडळी उभी राहतात. उत्तर कर्नाटकात देसायांच्या गढीवजा घराला 'वाडे' म्हणतात, तेव्हा वाडा कानडीतून मराठीत आला, असं त्यांचं म्हणणं. एका जाड ग्रंथात हे मत मी सिद्धान्त म्हणून मांडलेलं पाहिलं आहे. त्या ग्रंथकर्त्यांनी कानडीचं साधं ध्वनिशास्त्र पाहायला हवं होतं. मूळ द्राविडी शब्दाच्या आरंभीचा 'व' कानडीत 'ब' होतो. तमिळ 'वा' म्हणजे ये, कानडी 'बा'. तमिळ 'वाय' म्हणजे तोंड, कानडी 'बायि'. तमिळ 'वेर' म्हणजे मूळ, कानडी 'बेरु'. वाडा जर कानडीच्या अंगचा असता, तर तो 'बाडा' होऊन बसला असता. 'व' शाबूत ठेवून उभा आहे म्हणजे तो बाहेरून आलेला पाहुणा आहे, आणि तो आमच्याकडून गेला. मराठीनं कानडीकडून भरपूर घेतलं आहे, ते नाकारणारा मूर्ख. पण म्हणून उलट दिशेला गेलेल्या शब्दाची पावलं पुसायची नाहीत.

'ब' मात्र दुसरीकडे झाला, आणि ती या सगळ्यातली माझी सर्वांत आवडती गोष्ट आहे. बंगालीत 'व'चा 'ब' होतो. वाटिका ते वाडी ते 'बाड़ी'. आज बंगालीत घराला साधा शब्द बाड़ी. कोलकात्यात जोडासाँको भागातलं ठाकूर (टागोर) घराण्याचं घर ते ठाकुरबाड़ी, जमीनदारांची घरं त्या राजबाड्या. राजबाड़ी आणि राजवाडा, अक्षराला अक्षर लावून पाहा! म्हणजे बंगालकडे थोरामोठ्यांच्या घराचा आपलाच शब्द तयार होता. पण ईस्ट इंडिया कंपनीच्या इंग्रजानं बंगालातून उचललं काय? खोपटं. बंगाली धाटणीचं, वाकलेल्या गवती छपराचं, एकमजली घर ते 'बंगला'. १६७६ सालच्या हुगळीच्या एका नोंदीत कंपनीच्या गलबतांवरच्या इंग्रजांसाठी असे बंगले उभारण्याचं ठरल्याचं लिहिलं आहे, आणि त्या बंगल्यांना तिथेच 'किंवा खोपटी' अशी जोड दिली आहे. पुढे साहेब मोठा झाला आणि त्याचं खोपटंही. जिल्ह्याचा कलेक्टर बंगल्यात राहू लागला, वाटसरूंसाठी डाकबंगले झाले, आणि मराठीत बंगला हा ऐपतीचा शब्द ठरला. इंग्लंडमध्ये १८७० च्या सुमारास केंट परगण्यातल्या समुद्रकाठी बंगले बांधले गेले. तिथे मात्र त्याचा एकमजलीपणा टिकला. आजही इंग्रजाला बंगला म्हटलं की जिना नसलेलं बैठं घर आठवतं, जिथे म्हाताऱ्या माणसांचे गुडघे सुखी राहतात. तेव्हा शंभर खोल्यांच्या उमरावी घराला बंगला म्हणणाऱ्या अनुवादकानं मूळ पुस्तकातल्या लोकांना थेट परसातल्या खोलीत नेऊन ठेवलं.

बंगल्याबरोबर कंपाउंड आलं. यूल आणि बर्नेल यांच्या १८८६ च्या हॉब्सन-जॉब्सन या अँग्लो-इंडियन शब्दांच्या कोशात या शब्दावर भरपूर चर्चा आहे. पोर्तुगीज शब्दाचा दावा बाजूला ठेवून यूल यांनी मलाय भाषेतल्या 'कम्पोंग'च्या बाजूनं कौल दिला, आणि तो मला पूर्ण पटतो. कम्पोंग म्हणजे वेढलेली वस्ती, म्हणजे मलायचा वाडाच. आता मराठीत त्याचं काय झालं पाहा: "प्लॉटला कंपाउंड घातलं." म्हणजे आतल्या जागेचा शब्द भिंतीवर चढला. आपल्या वाड्याचं याच्या उलट झालं, कुंपणाचा शब्द आत उतरला. वेढ्याचे शब्द भिंत आणि अंगण यांच्यामध्ये असे ये-जा करतात, असं माझं बऱ्याच वर्षांचं म्हणणं आहे. इंग्रजीतलं 'टाउन'सुद्धा मुळात आवारच, आणि त्याचं जर्मन भावंड 'त्साउन' आजही कुंपण आहे.

बाईंचा प्रश्न राहिला. उत्तर एका माणसानं पाहिलेल्या तीन घरांत आहे. चार्ल्स मॅलेट हा पेशव्यांच्या दरबारातला पहिला इंग्रज रेसिडेंट, म्हणजे कंपनीचा वकील, १७८६ मध्ये पुण्यात आला. दरबारासाठी तो शनिवारवाड्यात जाई. रेसिडेन्सी होती मुळा-मुठेच्या संगमावर, पुढे १८१७ मध्ये खडकीच्या लढाईच्या दिवशी जाळली गेली ती. आणि विलायतेला परतल्यावर त्यानं विल्टशरमध्ये घर घेतलं, विल्बरी हाउस. वाड्यात शिरायचं म्हणजे दिंडीदरवाजातून वाकून जायचं, ढेलजेतल्या पहारेकऱ्यासमोरून, अंधारातून, आणि मग एकदम चौकात डोक्यावर आभाळ. वाडा बाहेरून बंद आणि आतून उघडा. रेसिडेन्सीसारखा बंगला उलटा: घर मध्ये, चहूबाजूंनी व्हरांडा, मग बाग, आणि कुंपण पार लांब. विल्बरीसारखं घरही तसंच बाहेर तोंड करून असतं. खिडक्यांसमोर हिरवळ, तळं, झाडी, नजर जाईल तिथवर आपलीच जमीन. तिथेही अंगणाभोवती बांधलेली जुनी घरं आहेत, पण उमरावी घराचा डौल बाहेर दाखवायचा असतो. "वाड्याच्या खिडकीतून दूरवर हिरवळ पसरलेली दिसत होती" हे वाक्य मी खरोखर वाचलं आहे. वाड्याच्या खिडकीतून समोरच्या सोप्यावर वाळत घातलेली लुगडी दिसतात.

तेव्हा विलायतेच्या घराला वाडा म्हणू नये, हवेली तर नकोच. कोठीही नको, ती कोष्ठावरून आली, धान्याची नि मालाची जागा, आणि इंग्रजांच्या व्यापारी ठाण्याला आपला शब्द वखार, जशी शिवाजी महाराजांनी १६६१ मध्ये लुटली ती राजापूरची. मॅन्शन आणि मॅनर हे दोन्ही लॅटिनमधल्या राहणं या क्रियेवरून आले, म्हणजे अर्थानं ते आपल्या वसति-निवासाजवळचे. आणि ते उमराव स्वतः त्या अवाढव्य वास्तूला काय म्हणतात? हाउस. नुसतं घर. गोव्याच्या व्हडल्या घरासारखंच. शिवाय इंग्रजीत राजकुळालाही हाउसच म्हणतात, आणि आपल्याकडे घरावरूनच घराणं झालं आहे. कुटुंबेतिहासाच्या पुस्तकात घर आणि घराणं हे दोन शब्द शेजारी ठेवले की मूळ लेखकाला जे म्हणायचं असतं ते आपोआप येतं.

मी अनुवाद केला तर पहिल्या उल्लेखात विल्बरी हाउस असं पूर्ण नाव देईन. पुढे मालकांच्या तोंडी 'घर', नोकरचाकरांच्या आणि गावकऱ्यांच्या तोंडी 'थोरलं घर'. बंगला ठेवीन तो फक्त हिंदुस्थानातल्या प्रकरणांत, जिथे आजोबा कलेक्टर आहेत आणि संध्याकाळी व्हरांड्यात पाय पसरून बसले आहेत.