फ्लॅटचा सौदा 32 लाखांना ठरलाय, सरकारी मूल्यांकन 38 लाख येतंय. एजंट म्हणतो 38 लिहा, नाहीतर दस्त होणार नाही. काय करावं?

32 लाखच लिहा. जे पैसे खरोखर विकणाऱ्याला देणार आहात, तोच मोबदला. कमी किंमत दाखवली तर दस्त होत नाही, हे एजंटचं म्हणणं चूक आहे. महाराष्ट्रात मोबदला आणि बाजारमूल्य (म्हणजे हे सरकारी मूल्यांकन) हे दोन वेगळे आकडे धरले जातात, इंडेक्स टूवर, म्हणजे नोंदणीनंतर मिळणाऱ्या दस्ताच्या गोषवाऱ्यावरही, ते वेगवेगळ्या रकान्यांत येतात. दोहोंपैकी जो मोठा, त्यावर मुद्रांक शुल्क भरायचं. तुमच्याकडे दर 6 टक्के असेल तर 1 लाख 92 हजारांऐवजी 2 लाख 28 हजार जातील. नोंदणी फी 1 टक्का असली तरी तिला 30 हजारांची मर्यादा आहे, त्यामुळे तिथे फरक पडत नाही.

न दिलेले 6 लाख दिले असं नोंदणीकृत दस्तात लिहून देऊ नका. उद्या आयकर खात्याने विचारलं तर ते 6 लाख कुठून आणले हे तुम्हाला दाखवावं लागेल, आणि विकणाऱ्याला ते कुठे गेले हे सांगावं लागेल.

पण त्याही आधी, हे 38 लाख आले कुठून ते तपासा. यात मी स्वतः पोळलो असतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो. आमचा जुना फ्लॅट विकताना सौदा 34 लाखांचा होता आणि मूल्यांकन आलं 41 लाख. मला ते पटेना. रात्री मूळ करारनामा काढून बसलो, तर त्यात 850 चौरस फूट 'सुपर बिल्टअप' लिहिलेलं होतं आणि मूल्यांकन करणाऱ्याने तेच क्षेत्र टाकलं होतं. रेडी रेकनरमधला, म्हणजे सरकारी दरपत्रकातला फ्लॅटचा दर बिल्टअप क्षेत्रावर (भिंतींसकट फ्लॅटचं क्षेत्र), चौरस मीटरला असतो. जिना, लॉबी वगैरेंचा बिल्डरने चढवलेला वाटा त्यात धरायचा नसतो. मंजूर नकाशावरून आमचं बिल्टअप 690 चौरस फूट निघालं आणि मूल्यांकन सव्वातेहेतीस लाखांच्या आसपास आलं, म्हणजे मोबदल्यापेक्षाही कमी! एका शब्दाने पावणेआठ लाखांचा फरक.

इमारतीचं वयही बघा. जुन्या बांधकामाला घसारा, म्हणजे वयानुसार मूल्यात घट मिळते, पण बांधकामाचं वर्ष भरलंच नाही किंवा पुरावा जोडला नाही तर नव्या इमारतीचा दर लागतो. भोगवटा प्रमाणपत्र किंवा मालमत्ता कराची जुनी पावती सोबत ठेवा. मूल्यविभागही (ज्या भागाचा दर लावला तो) तुमच्या सर्व्हे नंबरचाच आहे ना, हे नोंदणी व मुद्रांक विभागाच्या संकेतस्थळावर ई-एएसआरमध्ये, म्हणजे रेडी रेकनरच्या ऑनलाइन तक्त्यात घरबसल्या दिसतं. दर साधारणपणे 1 एप्रिलला बदलतात, त्यामुळे वर्षही बरोबर निवडा.

हे सगळं दुरुस्त करूनही 38च राहिले, तर खरा प्रश्न आयकराचा आहे आणि त्याबद्दल एजंट सहसा बोलत नाहीत. मूल्यांकन मोबदल्याच्या 110 टक्क्यांच्या आत असेल तर अडचण नाही. 32 लाखांचे 110 टक्के म्हणजे 35 लाख 20 हजार. 38 त्याच्या वर जातात. मग विकणाऱ्याचा भांडवली नफा 38 लाख धरून मोजला जातो, आणि वरचे 6 लाख तुमचं उत्पन्न समजून तुमच्यावरही कर लागतो. एकाच फरकावर दोन्हीकडून कर, हे मला आजही अन्यायाचं वाटतं. त्यातल्या त्यात दिलासा एवढाच, की मूल्यांकन अवाजवी आहे असा दावा करता येतो आणि मग आयकर अधिकारी ते मूल्यांकन अधिकाऱ्याकडे पाठवू शकतो. फ्लॅटची अवस्था वाईट असेल, गळती असेल, तर आत्ताच फोटो काढा आणि शासनमान्य मूल्यांककाचा अहवाल घेऊन ठेवा.

मुद्रांक शुल्काबाबत शंका असेल तर सही करण्याआधी मसुदा मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यांकडे अभिनिर्णयासाठी, म्हणजे शुल्क किती ते आधीच ठरवून घ्यायला, देता येतो. वेळ लागतो, पण नंतर फरकाची नोटीस येण्यापेक्षा बरं. सही झाल्यावर मात्र नोंदणीला चारच महिने असतात. आणि वरची रक्कम रोखीने द्या असं कोणी सुचवलं तर स्पष्ट नाही म्हणा. घराच्या व्यवहारात 20 हजार किंवा त्याहून जास्त रोख घेतली तर तेवढाच दंड घेणाऱ्याला होऊ शकतो.

तुमच्या मूळ करारात क्षेत्रफळापुढे नेमका कोणता शब्द आहे, कार्पेट, बिल्टअप की सुपर बिल्टअप, आणि इमारत किती वर्षांची आहे, ते कळवा. आकडेमोड करून सांगतो.