इसाओ ताकाहाता यांना चित्रं काढता येत नव्हती, तरी ते ॲनिमेशनचे एवढे मोठे दिग्दर्शक कसे झाले?

तुम्ही ऐकलंय ते खरं आहे. ताकाहातांनी ॲनिमेटर म्हणून कधीच काम केलं नाही. ते टोकियो विद्यापीठात फ्रेंच साहित्य शिकले आणि १९५९ मध्ये तोएई दोगा या ॲनिमेशन कंपनीत दिग्दर्शनाच्या बाजूने आले. विद्यार्थी असताना त्यांनी पॉल ग्रिमो यांचा एक फ्रेंच ॲनिमेशनपट पाहिला होता. त्याच्या पटकथेत कवी झाक प्रेव्हेर यांचा हात होता. चित्रपटातून इतकं काही सांगता येतं, हे पाहून ते या क्षेत्राकडे वळले.

मी ॲनिमेशन शिकत होतो तेव्हा माझी पक्की समजूत होती की ज्याचा हात सगळ्यांत चांगला, तोच दिग्दर्शक होणार. ती समजूत ताकाहातांच्या 'ओन्ली यस्टरडे'ने (१९९१) मोडली. त्यात टोकियोतली सत्तावीस वर्षांची ताएको यामागाताच्या एका खेड्यात फुलं खुडायला जाते. ती फुलं म्हणजे आपली करडई. आपल्याकडे करडई तेलासाठी लावतात, तिथे पाकळ्यांपासून लाल रंग काढतात. पहाटे फुलं खुडण्यापासून पुढची सगळी कामं पडद्यावर इतकी नीट येतात की ती करणारे हात ओळखीचे वाटू लागतात.

या चित्रपटात मोठ्या ताएकोच्या भागातले संवाद आधी ध्वनिमुद्रित केले आणि चेहरे मागाहून काढले. जपानमध्ये सहसा याच्या उलट चालतं. हसताना गाल वर चढतात, तिथे पडणाऱ्या रेषासुद्धा काढायला लावल्या. तिच्या लहानपणीचा, १९६६ चा भाग मात्र फिकट रंगांत आहे आणि चौकटीच्या कडा कोऱ्या सोडल्या आहेत, कारण आठवण तशीच असते. असा निर्णय घ्यायला हातात पेन्सिल असावी लागत नाही. माणूस बोलताना, खाताना, गप्प बसताना कसा दिसतो हे ठाऊक असावं लागतं, आणि ते कागदावर उतरेपर्यंत चित्रकारांकडे धरून बसायची चिकाटी लागते.

ही चिकाटी महागात पडायची. पहिला मोठा चित्रपट 'होरुस' (१९६८) फार लांबला आणि चालला नाही. तोएईने पुन्हा त्यांना मोठा चित्रपट दिला नाही. १९७१ मध्ये ते हायाओ मियाझाकी आणि योइची कोताबे या ॲनिमेटरांसह बाहेर पडले. 'हायडी' (१९७४) करण्याआधी हे तिघं स्वित्झर्लंडला जाऊन आल्प्स पाहून आले, तेही एका टीव्ही मालिकेसाठी! तिच्या ५२ भागांचे लेआउट, म्हणजे प्रत्येक दृश्यात पात्रं आणि पार्श्वभूमी कुठे असतील याचे आराखडे, मियाझाकींनी केले.

युद्धातल्या बॉम्बहल्ल्यांवरचा 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज' (१९८८) तुम्ही बहुधा पाहिला असेल. जपानमधल्या ओकायामा शहरावर २९ जून १९४५ रोजी बॉम्बहल्ला झाला तेव्हा ताकाहाता नऊ वर्षांचे होते आणि त्या आगीतून जीव वाचवून पळाले होते. चित्रपटात दिसते तशी आग त्यांनी स्वतः पाहिलेली होती.

माझ्या मते त्यांना स्वतःचा हात नव्हता हेच त्यांच्या पथ्यावर पडलं. चित्र काढणारा दिग्दर्शक नकळत आपल्याच वळणाच्या रेषेकडे जातो. यांना तसं वळणच नव्हतं, म्हणून प्रत्येक गोष्टीसाठी ते वेगळी रेषा शोधू शकले. 'माय नेबर्स द यामादाज' (१९९९) जलरंगातल्या छोट्या व्यंगचित्रांसारखा आहे. त्यानंतरचा आणि त्यांचा शेवटचा 'द टेल ऑफ द प्रिन्सेस कागुया' (२०१३) पूर्ण व्हायला आठ वर्षं लागली. त्यात कागुया मेजवानी सोडून पळत सुटते, तेव्हा रेषाच फिसकटते, कोळशाने ओरबाडल्यासारखी होते, आणि तिचा राग चेहऱ्याआधी त्या रेषेत दिसतो. हा प्रसंग मी विसाव्यांदा पाहिला तरी थांबवून एकेक फ्रेम बघतो.

सुरुवात करायची असेल तर 'ओन्ली यस्टरडे'पासून करा. त्यात घरी पहिल्यांदाच आलेलं अननस सगळं कुटुंब मिळून खातं, तो प्रसंग लक्ष देऊन पाहा.