ओकच्या फांदीवरचं ऑर्किड लावताना

अमेरिकेतल्या जॉर्जियात राहून ग्रीन फ्लाय ऑर्किड निवडलंत, फार छान! झाडावर वाढणारं हे ऑर्किड रानात थेट नॉर्थ कॅरोलायनापर्यंत आढळतं, तेव्हा थंडीची धास्ती नको.

बहुतेकांची पहिली चूक म्हणजे कुंडीत माती भरणं. मुळं गुदमरून कुजतात. त्यापेक्षा रोप कॉर्कच्या (बुचाच्या झाडाच्या) सालीच्या तुकड्यावर दोऱ्याने घट्ट बांधा. रोप हलत राहिलं तर मुळं पकड घेत नाहीत.

पाण्याचं वेळापत्रक नको, मुळं बघा. भिजलेली हिरवट दिसतात, वाळली की चंदेरी-पांढरी. तेव्हा पाणी द्या, शक्यतो पावसाचं. थंडीत हात आखडता ठेवा.

आणि रानातल्या ओकवरून ओरबाडून कृपया आणू नका, रोपवाटिकेतलंच घ्या.

खतांचं नंतर बघू. फुलं बारीक, हिरवट. वास मात्र रात्री घ्या!